भेसळीचा छापा पडतो, पण तुरुंगात कोण जातं?

दिवाळीच्या तोंडावर कोल्हापुरात एक बातमी ठरलेली असते. कुठं खवा पकडला, कुठं तेलाचे डबे सील केले, कुठं मिठाईचे नमुने घेतले. फोटोत टेबलावर मांडलेली पाकिटं आणि मागं ओळीनं उभे अधिकारी. दुसऱ्या दिवशी चहाच्या गाड्यावर निकाल लागलेला असतो: "असल्यांना आतच टाकायला पाहिजे." मग फराळ, फटाके, आणि विषय संपतो. त्या खव्याचं पुढं काय झालं हे सहसा छापून येत नाही. आलंच तर काही वर्षांनी, आतल्या पानावर, दोन ओळींत.

पुढं जे होतं ते आपल्या कल्पनेपेक्षा बरंच वेगळं आहे. विक्रेता तुरुंगात जाणार की पैसे भरून मोकळा होणार, हे छाप्याच्या दिवशी कुणालाच माहीत नसतं, छापा टाकणाऱ्या अधिकाऱ्यालाही नाही. ते ठरतं प्रयोगशाळेच्या अहवालावरून. तिथं कायदा जे विचारतो ते चहाच्या गाड्यावर कुणी विचारत नाही: हे खाऊन माणसाच्या तब्येतीला अपाय होईल का?

सध्या लागू असलेला कायदा म्हणजे अन्न सुरक्षा व मानके कायदा, २००६. तो प्रत्यक्ष अमलात आला ५ ऑगस्ट २०११ ला. त्याआधी १९५४ चा अन्नभेसळ प्रतिबंधक कायदा होता आणि तो भलताच कडक होता. बहुतेक गुन्ह्यांना किमान सहा महिने कैद. दुधात फॅट थोडं कमी भरलं तरी फौजदारी खटला, आणि कुणी विषारी रंग घातला तरी फौजदारी खटला. कागदावर हे छान दिसतं. प्रत्यक्षात खटले वर्षानुवर्षं चालायचे. हरियाणातल्या एका हळदविक्रेत्याकडून १९८२ मध्ये नमुना घेतला होता, हळदीत जिवंत किडे सापडले होते. खालच्या कोर्टानं सोडलं, हायकोर्टानं दोषी ठरवलं, आणि सुप्रीम कोर्टानं २०२० मध्ये निर्दोष सोडलं. कारण अहवालात हळद खाण्यास अयोग्य असल्याचं म्हटलेलंच नव्हतं. अडतीस वर्षं! ज्यानं हळद विकली त्याचं आयुष्य कोर्टात गेलं, आणि ज्यांनी ती खाल्ली त्यांच्या पदरात काहीच पडलं नाही.

नव्या कायद्यानं म्हणून दोन रस्ते वेगळे केले. एक पैशाच्या दंडाचा, दुसरा तुरुंगाचा.

नमुना घेतात तेव्हा

समजा, शिवाजी पेठेतल्या एका दूधविक्रेत्याच्या दारात सकाळी अन्न व औषध प्रशासनाचे, म्हणजे आपल्या बोलण्यातल्या एफडीएचे, अन्न सुरक्षा अधिकारी आले. ते आधी लेखी नोटीस देतात की हा नमुना तपासणीसाठी घेत आहोत. पंच म्हणून कुणाला तरी उभं करावं लागतं. (पंच व्हायचं म्हटलं की सगळ्या गल्लीला एकदम कामाला जायचं असतं, तो भाग वेगळा.) कॅनमधलं दूध ढवळून घ्यायचं, कारण साय वर तरंगते, वरचं दूध घेतलं तर फॅट जास्त दिसेल, खालचं घेतलं तर कमी. घेतलेल्या दुधाचे पैसे अधिकारी चालू भावानं विक्रेत्याला देतात. त्यांनी 'फुकट दूध नेलं' असं म्हणायची सोय नाही.

मग त्या दुधाचे चार भाग होतात. प्रत्येक बाटलीत फॉर्मॅलिनचे थेंब टाकतात, म्हणजे प्रयोगशाळेत पोचेपर्यंत दूध नासू नये. गंमत अशी की हेच फॉर्मॅलिन विक्रेत्यानं घातलं असतं तर तो गंभीर गुन्हा झाला असता. बाटली जाड कागदात गुंडाळायची, तिच्याभोवती वरपासून खालपर्यंत वरिष्ठ अधिकाऱ्याची सही आणि सांकेतिक क्रमांक असलेली चिठ्ठी चिकटवायची, दोरा बांधायचा आणि लाखेचे किमान चार ठसे मारायचे: एक डोक्यावर, एक तळाला, दोन अंगावर. विक्रेत्याची सही अशी घ्यायची की थोडी चिठ्ठीवर येईल आणि थोडी गुंडाळलेल्या कागदावर. म्हणजे नंतर कुणी बाटली उघडली तर सही जुळणार नाही.

हे सगळं वाचायला किचकट वाटतं, पण भेसळीचे खटले इथंच जिंकले किंवा हरले जातात. दूध ढवळलं नव्हतं, सीलचा ठसा पुसट होता, पंच उलटला, असल्या मुद्द्यांवर आरोपी सुटल्याची उदाहरणं जुन्या कायद्याखाली पोत्यानं सापडतील. आपण म्हणतो 'पैसे चारून सुटला'. कधी तसं होत असेलही. पण बऱ्याचदा तो लाखेच्या ठशावर सुटलेला असतो.

चार भागांपैकी एक जातो अन्न विश्लेषकाकडं, दोन राहतात पदनिर्देशित अधिकाऱ्याच्या, म्हणजे जिल्ह्यातल्या अन्न सुरक्षेचं काम सांभाळणाऱ्या वरिष्ठ अधिकाऱ्याच्या, ताब्यात. चौथा विक्रेत्याच्या हक्काचा: त्यानं मागणी केली तर तो मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत त्याच्या खर्चानं तपासला जातो. दोन अहवालांत फरक निघाला तर राखून ठेवलेला भाग रेफरल प्रयोगशाळेत जातो, जशी म्हैसूरची सीएफटीआरआय ही केंद्रीय अन्न तंत्रज्ञान संशोधन संस्था, आणि तिचा शब्द शेवटचा. अहवाल विरोधात आला तर त्यावर तीस दिवसांत अपीलही करता येतं. आपल्याकडच्या कितीतरी छोट्या दुकानदारांना हा चौथा भाग आपला आहे हेच ठाऊक नसतं. ते घाबरून सही करतात आणि नंतर वकिलाकडं गेल्यावर कळतं.

आणखी एक बारकावा. एफडीए काही नमुने केवळ पाहणीसाठी उचलते, बाजारात काय चाललंय याचा अंदाज घ्यायला. त्यांना सर्वेक्षण नमुने म्हणतात. त्यावरून खटला भरता येत नाही. नमुना खराब निघाला तर पुन्हा जाऊन रीतसर कायदेशीर नमुना घ्यावा लागतो. 'इतके नमुने खराब आले तरी गुन्हा का नाही?' या प्रश्नाचं उत्तर अनेकदा एवढंच असतं.

गुळाचं उदाहरण

अहवाल चौदा दिवसांत यावा अशी कायद्याची अपेक्षा आहे. त्यात नमुना नापास झाला तर ढोबळमानानं तीन शिक्के बसू शकतात: कमी दर्जाचा, मिथ्याछाप (म्हणजे लेबल खोटं किंवा दिशाभूल करणारं) किंवा असुरक्षित. पहिल्या दोन शिक्क्यांना पैशाचा दंड. तिसऱ्याला तुरुंग.

हे गुळावरून सगळ्यात चांगलं कळतं. कोल्हापूरच्या गुळाला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, आणि त्या नावावर काय काय विकलं जातं हे गूळ बाजारात फिरणाऱ्याला सांगायला नको. गिऱ्हाइकाला पिवळाधमक रवा, म्हणजे गुळाची ढेप, हवा असतो. काळपट गूळ, जो खरं तर अनेकदा जास्त साधा असतो, त्याला भाव मिळत नाही. मग गुऱ्हाळात काहिलीत, म्हणजे रस उकळायच्या मोठ्या कढईत, भेंडीच्या रसाऐवजी किंवा त्याच्या जोडीला रंग उजळवणारी हायड्रॉस पावडर पडते. रंग झकास येतो. पण डोस जास्त पडला तर गुळात सल्फर डायऑक्साइड राहतं, आणि दम्याच्या माणसाला ते बाधू शकतं. त्याची मर्यादा नियमांत ठरलेली आहे. ती ओलांडली, किंवा परवानगी नसलेला रंग सापडला, की प्रकरण 'असुरक्षित'कडं सरकतं.

आता दुसरा प्रकार. साखर स्वस्त असली की गुळात साखर मिसळल्याच्या तक्रारी येतात, आणि कोल्हापूरला त्या नव्या नाहीत. गिऱ्हाइकाच्या दृष्टीनं ही सरळसरळ फसवणूक. पण खाणाऱ्याला त्यानं विषबाधा होत नाही. शिवाय गुळाचं मानक सांगतं की एकूण शर्करा किमान ९० टक्के आणि सुक्रोज किमान ६० टक्के हवं. साखर म्हणजे सुक्रोजच. त्यामुळं साखर घातलेला गूळ या आकड्यांत झोकात पास होऊ शकतो! समजा सिद्ध झालंच, तर तो 'मागितला तो माल दिला नाही' असा प्रकार ठरतो, दंड पाच लाखांपर्यंत. लेबलवर 'शुद्ध' लिहिलं असेल तर मिथ्याछाप, तीन लाखांपर्यंत. तुरुंग नाही. शाहूपुरीत किंवा मार्केट यार्डात याच्यावर जो राग निघतो तो गूळ उत्पादकाचा पोटतिडकीचा राग असतो, कारण प्रामाणिक गुळव्या मार खातो. पण कायद्याच्या नजरेत हे पैशाचं भांडण आहे.

पनीरचंही तेच. वनस्पती तेलापासून केलेला पदार्थ पनीर म्हणून विकणं ही फसवणूक आहे, पण तो पदार्थ स्वतः अपायकारक नसेल तर मामला दंडावर मिटतो. दुधात पाणी घातलं, फॅट घसरलं (म्हशीच्या दुधाला किमान ५ टक्के, गाईच्या दुधाला ३.२), तर कमी दर्जाचं, पुन्हा पाच लाखांपर्यंत दंड. गंगावेशीच्या कट्ट्यावर समोर धार काढून देतात तिथं पाण्याचा प्रश्न नाही, पण म्हशीनंच पातळ दूध दिलं तरी मानक काही खाली येत नाही. युरिया, डिटर्जंट निघालं तर मात्र गाडी रूळ बदलते.

उलटंही होतं. कुणी काहीही मिसळलं नाही आणि तरी माल असुरक्षित. एफएसएसएआयनं, म्हणजे केंद्राच्या अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणानं, २०१८ मध्ये देशभरातून दुधाचे ६,४३२ नमुने तपासले. त्यात हायड्रोजन पेरॉक्साइड, डिटर्जंट, युरिया अशी खरीखुरी भेसळ सापडली अवघ्या १२ नमुन्यांत. अफ्लाटॉक्सिन एम१ मात्र मर्यादेबाहेर निघालं ३६८ नमुन्यांत. हे विष येतं बुरशी लागलेल्या पशुखाद्यातून. पेंड ओल धरते, म्हैस ती खाते आणि विष दुधात उतरतं. गवळ्याच्या मनात पाप नसतं, दूध मात्र असुरक्षित असतं. मला या पाहणीतली ही गोष्ट सगळ्यात बोलकी वाटते, आणि ती कुठल्याच छाप्याच्या फोटोत दिसत नाही.

तुरुंगाचा रस्ता

असुरक्षित अन्नासाठी कलम ५९ आहे. शिक्षा खाणाऱ्याला काय झालं त्यावर चढत जाते. कुणाला काहीच झालं नाही तर पूर्वी सहा महिन्यांपर्यंत कैद आणि एक लाखापर्यंत दंड होता. २०२३ च्या जनविश्वास कायद्यानं ती कैद तीन महिन्यांपर्यंत आणली आणि दंड तीन लाखांपर्यंत वाढवला. किरकोळ इजा झाली तर एक वर्षापर्यंत कैद. गंभीर इजा झाली तर सहा वर्षांपर्यंत कैद आणि पाच लाखांपर्यंत दंड. माणूस दगावला तर किमान सात वर्षं, जास्तीत जास्त जन्मठेप, आणि दंड दहा लाखांपेक्षा कमी नाही. भरपाईची तरतूद वेगळी आहे: मृत्यूच्या प्रकरणात किमान पाच लाख.

मात्र हा खटला अधिकारी स्वतःच्या मनानं भरू शकत नाही. अहवाल पाहून पदनिर्देशित अधिकारी ठरवतात की हे दंडाचं प्रकरण आहे की कैदेचं. कैदेचं असेल तर चौदा दिवसांत अन्न सुरक्षा आयुक्तांकडं मंजुरीसाठी शिफारस जाते. मंजुरी आली की प्रकरण न्यायदंडाधिकाऱ्यांकडं, म्हणजे आपल्याकडं कसबा बावड्याच्या न्याय संकुलात. गंभीर इजा किंवा मृत्यू असेल तर विशेष न्यायालयाकडं. आणि वर घड्याळ टिकटिकत असतं: गुन्ह्याच्या तारखेपासून एका वर्षात न्यायालयानं दखल घेतली पाहिजे. आयुक्त कारणं लिहून ही मुदत तीन वर्षांपर्यंत वाढवू शकतात, त्यापुढं नाही. अहवालाला उशीर, अपीलाला उशीर, मंजुरीच्या फायलीला उशीर, असं करता करता चांगली भक्कम केस मुदतीत बसत नाही.

दंडाच्या प्रकरणाला कोर्टच नाही. ते न्यायनिर्णय अधिकाऱ्यासमोर चालतं. महाराष्ट्रात हे काम एफडीएचे सह आयुक्त पाहतात. दंड ठरवताना विक्रेत्यानं किती कमावलं, कुणाचं किती नुकसान झालं, पहिल्यांदाच सापडला की सवयीचा आहे, माहीत असून केलं की नकळत, हे पाहायचं असतं. म्हणून 'पाच लाखांपर्यंत' याचा अर्थ पाच लाख असा घेऊ नये.

मग पोलीस कुठं येतात? पूर्वी भारतीय दंड संहितेची २७२ आणि २७३ ही कलमं लावून पोलीस थेट गुन्हा नोंदवायचे. आता भारतीय न्याय संहितेत तीच २७४ आणि २७५ झाली आहेत. सुप्रीम कोर्टानं फेब्रुवारी २०२४ मध्ये स्पष्ट केलं की असुरक्षित अन्नाला कलम ५९ लागू होत असेल तर जुनी २७२-२७३ एकाच वेळी लावता येणार नाहीत. अन्न सुरक्षा कायदा वरचढ. त्याआधी २०१८ मध्ये महाराष्ट्रातल्याच गुटख्याच्या प्रकरणांत त्याच कोर्टानं दोन्ही कायद्यांखाली कारवाईला मुभा दिली होती. वकिलांना वाद घालायला जागा आहे, आणि ते घालणारच. गुन्हा रद्द करून घेण्यासाठी पूर्वी मुंबईच्या वाऱ्या कराव्या लागायच्या. ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच बसतंय, त्यामुळं आता हा वाद इथंच रंगेल.

दुकानदाराचं बिल

राहिला दुकानदार. लक्ष्मीपुरीतून त्यानं मिरची पूड आणली, पाकिटं करून विकली, आणि पुडीत खाण्यात बंदी असलेला सुदान रंग निघाला. रंग त्यानं घातलेला नाही. मग तो आरोपी का?

कायदा इथं बराच समंजस आहे, पण कागद मागतो. विक्रेता जबाबदार धरला जातो तो ठरावीक कारणांसाठी: मुदत संपलेला माल विकला, घाणीत ठेवला, लेबल चुकीचं होतं, असुरक्षित आहे हे माहीत असून घेतला, किंवा माल कुणाकडून घेतला हे सांगताच आलं नाही. शेवटच्या कारणानं आपल्याकडचे बरेच जण अडकतात. वितरकानं दुकानदाराला मालाच्या दर्जाची लेखी हमी द्यावी असं कलम २६ सांगतं, आणि साधं बिलसुद्धा हमी मानलं जातं. बिल दाखवलं की बोट वर सरकतं, वितरकाकडं, तिथून उत्पादकाकडं. बिल नसेल तर बोट तुमच्यावर थांबतं. 'पावती कशाला, आपली ओळख आहे की' म्हणून जीएसटी वाचवणाऱ्या दुकानदाराला त्या वाचवलेल्या पैशाची खरी किंमत नमुना नापास झाल्यावर कळते.

सुटी पूड स्वतः पाकिटात भरून स्वतःचं लेबल लावलं असेल तर मात्र बिलाचा आधार पातळ होतो. भरणारा तुम्हीच, नाव तुमचंच. 'मी सगळी काळजी घेतली होती' हा बचाव कायद्यात आहे, पण काय काळजी घेतली ते दाखवावं लागतं: माल तपासून घेतल्याचा अहवाल, पुरवठादाराचा परवाना, बॅचची नोंद.

आणि गिऱ्हाईक? त्याच्या हातातही एक कलम आहे, ४०. कुणीही ग्राहक फी भरून स्वतः विकत घेतलेला पदार्थ अन्न विश्लेषकाकडून तपासून घेऊ शकतो. नमुना नापास झाला तर फी परत मिळते, आणि विश्लेषक तो अहवाल थेट पदनिर्देशित अधिकाऱ्याकडं पाठवतो, तिथून पुढं खटल्याची नेहमीची वाट. अट एकच: माल घेतानाच दुकानदाराला सांगायचं की हा मी तपासायला देणार आहे. असं सांगितल्यावर तो पिवळाधमक रवा तुम्हाला द्यायला किती दुकानदार तयार होतात, हे एकदा करून बघायला हरकत नाही. नाहीच दिला, तर एफडीएचा टोल फ्री नंबर १८००२२२३६५ आहे.